खंडेनवमीला वाजलेलं मशीन

जुना टूथब्रश रॉकेलात बुडवून त्रिवेणी मशीनची अक्षरं घासत होती. एकेका अक्षराच्या पोटात वर्षभराची शाई वाळून बसलेली. शेजारी सतरंजीवर कुसुमताई झेंडूची माळ ओवत होत्या, आणि खोलीत त्रिवेणी एकटीच असली तरी दहाजणींना ऐकू जाईल अशा आवाजात कामं सांगत होत्या.

"ओ आणि ई नीट बघ. तीच दोन पोटं लवकर भरतात, जावयासारखी."

त्रिवेणी हसली. किती तरी दिवसांनी या खोलीत हसली.

जामबागेच्या फूलबाजारामागं, घड्याळवाल्या खाजाचाचांच्या दुकानावर, ताईंचं टायपिंग इन्स्टिट्यूट होतं. खंडेनवमीला जुन्या विद्यार्थिनी इथं यायच्या. जी ज्याच्यावर शिकली त्या मशीनला हळदीकुंकू लावायचं, माळ घालायची, पेढा ठेवायचा. त्या दिवशी मशीन वाजवायचं नाही. 'आज लोखंडाला हात जोडायचे, कामाला लावायचं नाही,' हा ताईंचा नेम. एका वकिलानं तातडीच्या कामासाठी जिन्यात उभं राहून दुप्पट दर देऊ केला होता, तर ताईंनी त्याला प्रसाद देऊन खाली पाठवलं होतं.

"तू मात्र विसरलीस हो," ताई सुईत दोरा घालता घालता म्हणाल्या. "पहिल्या पगाराचा पेढासुद्धा नाही आणलास. बरकतपुऱ्यात दिलं तुला, काही सातासमुद्रापार नाही."

"आले की आता."

"आलीस. बरं केलंस पोरी."

जिन्यावर चपला वाजल्या. खांद्याला कापडी पिशवी अडकवलेली योगिनी आत आली. ती पुण्याची, इथल्या इंग्रजी पेपरात वार्ताहर. 'त्रिवेणीशी निवांत बोलायचंय, तिच्या घरी जमत नाही,' एवढंच सांगून तिनं ताईंकडून मागची खोली मागून घेतली होती. ताईंनी जास्त विचारलं नव्हतं. पेपरवाल्यांना पेपरचंच काम असणार, म्हणाल्या, आणि चहाचं आधण ठेवायला उठल्या.

मागच्या खोलीत दोघी बसल्या.

"हिम्मतरावांबद्दल चार जणी बोलल्यात," योगिनी हळू आवाजात म्हणाली. "सगळ्यांचं सारखं निघतं. पण आमचा वकील म्हणतो, एक तरी नाव पाहिजे, सहीसकट. नाव नसलेल्या चार बायकांची ते अफवा करून टाकतील. आज संध्याकाळी पान लागलं तर उद्या दसऱ्याला छापून येईल. उद्या प्रेसला सुट्टी, म्हणजे परवा पेपरच नाही. मग कोर्ट उघडलं की हिम्मतराव मनाई हुकूम आणणार, त्यांच्या वकिलानं कागद तयार ठेवलेत."

त्रिवेणीनं समोरच्या कोऱ्या कागदाकडं पाहिलं.

"नाही म्हणालीस तरी मी रागावणार नाही. खरंच नाही."

हे ती खरं बोलते आहे, हे त्रिवेणीला माहीत होतं. पावसाळ्यापासून योगिनी तिला भेटत होती. 'मग तू ओरडली का नाहीस,' असं एकदासुद्धा विचारलं नव्हतं तिनं. लिहून घेतलेलं परत वाचून दाखवायची, त्रिवेणी 'हे नको' म्हणाली की तिच्यासमोर काट मारायची. श्रावणात दिल्लीच्या सुप्रीम कोर्टाचा, नोकरीतल्या बायकांना होणाऱ्या त्रासाबद्दलचा निकाल आला तेव्हा धावत येऊन म्हणाली होती, आता याला कायद्यात नाव आहे, त्रिवेणी. तोवर त्या गोष्टीला नावच नव्हतं. नाव नसलेलं दुखणं वैद्याला तरी कसं दाखवणार?

हिम्मतरावांना मात्र गावभर नाव होतं. मोंढ्यातल्या अडतीवरून उठून माणूस परदेशी भागीदारीपर्यंत पोचला. बाजार खुला झाला आणि त्यांची काचेची इमारत उभी राहिली. मराठी मंडळाच्या कुठल्याही समारंभात पहिला हार त्यांना. स्टेनो पोरी ते कुसुमताईंकडूनच नेत, आणि टाइपरायटरचे दिवस भरले म्हणून ताईंना दोन कॉम्प्युटर देणार होते. उद्याच, दसऱ्याच्या मुहूर्तावर. त्रिवेणीचा धाकटा भाऊ प्रशांत त्यांच्याच गोदामावर कामाला होता. लेखणी उचलताना तिला आधी तोच दिसायचा.

तरी तिनं कागद पुढं ओढला. एक ओळ लिहिली. अक्षर असं वाकडं आलं की तिचं तिलाच ओळखू येईना. कागद चुरगळला. दुसरा घेतला. 'केबिनचं दार' एवढं झालं आणि डोळे त्या दोन शब्दांवर खिळून राहिले. पुढं सरकेनात.

"राहू दे," योगिनीनं तिच्या मनगटावर हात ठेवला. "चहा घे आधी."

तेवढ्यात पुढच्या खोलीत एकदम उजेड पडावा तसा आवाज आला.

"ताई! पेढे घ्या! नोकरी लागली!"

अंबरपेठेची केतकी. परीक्षेत पहिली आलेली. नव्या साडीत, केसात अबोली.

"अगं सावकाश, मशीनला धक्का लागेल," ताई म्हणाल्या, पण चेहरा फुलला होता. "कुठं लागली?"

"हिम्मतरावांकडं! साहेबांनी स्वतः इंटरव्ह्यू घेतला. सोमवारपासून या म्हणाले. आणि काय सांगू, माझा हात असा हातात घेऊन बघितला आणि म्हणाले, ही बोटं टायपिंगची नाहीत, वीणेची आहेत." केतकी लाजून हसली. "मोठी माणसं कित्ती साधी असतात ना?"

त्रिवेणी दारात येऊन उभी होती. हातात चहाचा कप तसाच होता.

"वीणेची," ती म्हणाली.

"हौ. का?"

"मलाही तेच म्हणाले होते."

केतकी अजून हसतच होती. तिला कळलं नव्हतं. कळायचं कारणही नव्हतं, त्रिवेणीलाही तेव्हा कुठं कळलं होतं? आईला सांगितलं होतं तिनं कौतुकानं. मग वीणेवरून बोटं, बोटांवरून मनगट, मनगटावरून खांदा. डिक्टेशनला बोलवायचं, दार लावायचं, सांगता सांगता खुर्चीमागं येऊन उभं राहायचं. पत्र टाइप करून नेलं की खाली डाव्या कोपऱ्यात रिवाजाप्रमाणं दोघांच्या नावांची आद्याक्षरं असायची: सांगणाऱ्याची मोठी, मग तिरकी रेघ, मग टाइप करणारीची लहान. शेवटी शेवटी ती जोडी तिला बघवायची नाही; कोपऱ्यावर बोट ठेवून ती कागद पुढं करायची.

"केतकी," ती म्हणाली, "तू सोमवारी जाऊ नको."

आणि मग तिनं सांगितलं. सगळं नाही. दारापर्यंतचं, दार लागल्यावरचं थोडंसं, आणि ती पायऱ्या उतरून पळाली तो दिवस. केतकीच्या हातातला पेढ्यांचा पुडा हळूहळू खाली आला. ताईंच्या हातातली सुई झेंडूत अर्धी जाऊन थांबली.

खाली चाचांच्या दुकानातली घड्याळं आपापल्या वेळेनं टिकटिकत होती.

"मला फोन आला होता त्यांचा," ताई म्हणाल्या. "पोरीचं कामात लक्ष नाही, म्हणून काढलं, असं सांगितलं. म्हणून तू यायची थांबलीस?"

"तुम्ही पाठवलं होतं ना तिथं. तुमच्याकडं येऊन काय सांगू?"

ताईंनी सुई फुलातून ओढून काढली, सतरंजीला टोचून ठेवली. पदरानं चष्मा पुसला, परत घातला, परत काढला.

त्रिवेणीला आपली आई आठवली. परभणीकडच्या त्या खेड्यात पहाटे जात्यावर बसलेली आई. माणसांसमोर जिचं तोंड कधी उघडलं नाही, ती जात्याशी मात्र बोलायची:

*कोणापाशी सांगू बाई, भिंतीला बी कान*
*दगडाच्या कानी माझं मोकळं झालं मन*

आईला लिहिता येत नव्हतं. आपल्याला येतं, आणि हात चालत नाही. त्रिवेणीनं समोरच्या मशीनकडं पाहिलं. खिडकीजवळचं, तिचं मशीन. याच्यावरच ताईंनी तिच्या बोटांवर रुमाल टाकून शिकवलं होतं: बघायचं नाही, बोटांना कळतं.

बघायचं नाही.

"ताई," ती म्हणाली, "मला हातानं लिहिता येत नाही. लिहिलं की ते दिसतं. मला मशीन द्या."

योगिनी पटकन पुढं आली. "त्रिवेणी, आपण रिक्षा करून कुठं तरी... आज इथं नको, ताईंचा नेम आहे."

"माहिती आहे मला नेम," त्रिवेणी म्हणाली. तिची नजर ताईंवरून हलली नाही.

मशीनवर नुकतीच घातलेली माळ होती, ताजी, केशरी. कळांच्या मधोमध हळदीकुंकवाची बोटं. पुढ्यात पेढा. कुसुमताई गुडघ्यावर हात टेकून उठल्या. मशीनजवळ गेल्या, दोन्ही हात जोडले, ओठ हलले. देवाची क्षमा मागत होत्या की मशीनची, कोण जाणे. मग त्यांनी माळ उतरवली आणि खिडकीच्या गजाला अडकवली. पदराच्या टोकानं कळा पुसल्या. कपाटातून कोरे कागद काढले, मध्ये कार्बन घातला, कडा जुळवल्या, रोलरमध्ये सरकवून करकर फिरवलं.

"डावीकडं समास सोड," त्या म्हणाल्या, "फाइलला लावायला लागतो."

"आणि ते कॉम्प्युटर, ताई?" केतकीच्या तोंडून निघून गेलं.

"कुठले कॉम्प्युटर?" ताईंनी खुर्ची ओढून दिली. "बस गं त्रिवेणी. पाठ सरळ."

ती बसली. डोळे खिडकीबाहेर. गल्लीत तेलुगू बायकांच्या कालच्या बतुकम्म्याची, फुलांच्या सणाची, पिवळी फुलं मातीत पडली होती. पहिली कळ पडली तेव्हा आवाज केवढा मोठा झाला! मग दुसरी. मग बोटांनी तिला विचारायचं सोडून दिलं. ओळ संपली की घंटी वाजे, हात आपसूक रोलरची गाडी मागं सारी. इंग्रजी शब्द येत होते, साधे, ऑफिसात शिकलेले. आजवर या बोटांनी किती जणांचं म्हणणं कागदावर उतरवलं, कुणाकुणाचे विनम्र आणि कुणाकुणाचे आपले विश्वासू.

"ताई ओ ताई!" खालून खाजाचाचांची हाक आली. "आज तो पूजा है ना? मशीनां कायकू बजरे?"

ताई खिडकीशी गेल्या. "पूजाच चालू आहे, चाचा!"

"ऐसी पूजा पैली बार सुना मैं!"

"मी पण!"

योगिनी मान खाली घालून हसली आणि हसता हसता तिला डोळे पुसावे लागले. केतकी भिंतीला पाठ लावून उभी होती. मग तिनं न सांगता रॉकेलची वाटी आणि ब्रश उचलला, शेजारच्या मशीनशी बसून अक्षरं घासू लागली. फार जोरात घासत होती.

दुसरं पान अर्ध्यावर आलं तेव्हा त्रिवेणी थांबली. "प्रशांतची नोकरी जाईल," ती कुणाला उद्देशून न बोलता म्हणाली.

"जाईल," ताई म्हणाल्या. "मंगळवारी पाठव माझ्याकडं. या हातानं आजवर पोरी पाठवल्या, एक पोरगा पाठवायला काय झालं? या वेळी घर बघून पाठवीन."

त्रिवेणीनं पुढची ओळ घेतली.

शेवटी नाव आलं. पूर्ण नाव, सासरचं, बरकतपुऱ्याच्या पत्त्यासकट. सहीसाठी जागा सोडली. आणि मग सवयीनं गाडी डाव्या कोपऱ्यात नेली, खाली, जिथं आद्याक्षरांची ती जोडी यायची. बोटं तिथं येऊन अडली. पहिल्यांदाच तिनं कागदाकडं पाहिलं.

मोठी अक्षरं सांगणाऱ्याची.

तिनं शिफ्टची कळ दाबली आणि स्वतःची अक्षरं मारली. मग तिरकी रेघ. मग पुन्हा स्वतःचीच, लहान.

कागद ओढून तिनं ताईंपुढं धरला. तपासायला, तेव्हासारखा. ताईंनी अंबाड्यात खोवलेली लाल पेन्सिल काढली आणि ओळीखाली ओळ सरकत गेल्या. एका ठिकाणी चष्मा काढावा लागला. खाली कोपऱ्याशी पेन्सिल थांबली. स्वतःच्या निवेदनावर अशी अक्षरं घालत नाहीत, हे त्यांनी किती तरी पोरींना खोडून शिकवलं होतं. त्यांनी तिथं बराच वेळ पाहिलं. मग पेन्सिल परत अंबाड्यात खोवली.

"एक चूक नाही," त्या म्हणाल्या.

त्रिवेणीनं सही केली. अक्षर तिचंच होतं, ओळखू येणारं. सहीशेजारी बोटाची पुसट पिवळी खूण उमटली. कळांच्या फटीत राहिलेली हळद. योगिनीनं ती पाहिली, पुसायला गेली नाही. दोन पानं फायलीत ठेवून ती दारापर्यंत गेली, परत आली, त्रिवेणीला नुसती घट्ट धरून उभी राहिली. आभार कोण कुणाचे मानत होतं, ते दोघींनाही नीट सांगता आलं नसतं. मग तिच्या चपला जिन्यावरून धडधडत खाली गेल्या.

ताईंनी गजावरची माळ काढली, मशीनला परत घातली. हळदीकुंकवाचा करंडा उघडला. मशीनला बोट लावलं, मग वळून त्रिवेणीच्या कपाळाला, मग केतकीच्या.

"ताई," त्रिवेणी म्हणाली, "माझा पेढा राहिलाच. पहिल्या पगाराचा."

"राहू दे," कुसुमताई म्हणाल्या. "उद्या सकाळी पेपर घेऊन ये."