तीन भिंतींचं घर

"काय खोट असंल ती तोंडावर सांग, कोंडाजी. उद्या शूटिंग हाये," धर्मराज म्हणाला.

चामटोलीच्या पडीक शेतात त्याने सिनेमासाठी घर उभारलं होतं. भिंती तीनच, चौथ्या बाजूला कॅमेरा लागणार होता. अंबरनाथच्या कारखान्यातून सुट्टी काढून कोंडाजी आला होता, तो नावं ठेवायच्या तयारीनेच.

एके काळी दोघे मिळून नाटकांचे पडदे रंगवीत, पुढे निर्वासितांच्या कॅम्पातल्या सिंधी दुकानदारांच्या पाट्या. हात कोंडाजीचा, धर्मराज नुसता डबे धरणारा, असं गावात म्हणत. स्टुडिओतून दोघांनाही बोलावणं आलं तेव्हा कोंडाजीने पक्की नोकरी धरली आणि धर्मराज मुंबईला गेला. आता त्याचं नाव कलादिग्दर्शक म्हणून पडद्यावर येई, आणि कोंडाजी कारखान्यात पेट्यांवर आकडे रंगवी. आपल्या ताटातलं उचलून याने खाल्लं, असंच त्याला वाटे. त्यात बायको, मालिनी, उठता बसता 'धर्मराजभावजीं'चं कौतुक करी. ते ऐकलं की त्याच्या अंगाचा तिळपापड होई.

उंबऱ्यापाशी त्याच्या चपला आपसूक निघाल्या. ते ध्यानात आलं तेव्हा त्याला स्वतःचाच राग आला.

आत जमीन शेणाने सारवलेली, भिंत धुराने काळवंडलेली. शोधून खोट सापडेना. चुलीशेजारी दिव्याचा कोनाडा होता, त्यात तेलाचा ओघळसुद्धा. धर्मराजची आई असाच दिवा ठेवायची. तेव्हा चामटोलीत घरोघरी चुलीपाशी असा कोनाडा होता, कोंडाजीच्याही घरी; आता पडताळायला ती मातीची घरंच राहिली नव्हती. इतकं खरं घर त्याला सोसवेना.

"ह्यो कोनाडा चुकला," तो म्हणाला. "चुलीच्या भितीला कोनाडा नसतो आपल्याकडं."

धर्मराज गोंधळला. "पन आय तितंच दिवा ठेवायची ना?"

"ती दाराकडच्या भितीला ठेवायची. आय गेली तवा तू केवढासा होतास? मी मोठा, मला ठावं."

धर्मराजने कोनाड्यातल्या तेलाच्या ओघळावरून बोट फिरवलं. मग त्याने प्लास्टर मागवलं आणि गवंड्याला बाजूला सारून स्वतःच्या हाताने कोनाडा बुजवला. वर काजळी फासली.

"असंल तसं. तुझी नजर पयल्यापासून पक्की. नायतर गावानं माज्या तोंडात शेन घातलं असतं."

अजून खरं सांगता आलं असतं. कोंडाजीने चपला पायात सरकवल्या. त्याला बरं वाटलं. वाईटही वाटलं, पण बरं आधी वाटलं.

सिनेमा कल्याणला लागला तेव्हा चामटोलीची बरीच माणसं थेटरात होती.

"सगळं आपल्या जुन्या घरावानी केलंय भावजींनी," मालिनी कुजबुजली. "पन अवो, चुलीपाशी कोनाडा कसा नाय?"

मागून कुणीतरी मोठ्याने म्हणालं, "मुंबईचं पानी लागलं त्याला. आयचा कोनाडा इसरला!"

सगळे हसले. हे ऐकायला कोंडाजी किती वर्षं आसुसला होता! हसू मात्र त्याला आलं नाही.

पडद्यावर दिवेलागण झाली. सिनेमातली आई दिवा लावून चुलीपाशी आली. भिंतीत जागा नव्हती, म्हणून तिने तो खाली जमिनीवर ठेवला आणि वाऱ्याने विझू नये म्हणून हाताचा आडोसा धरून बसली.