दमाचे टाळकरी

आश्रुबाचं नाव काढलं की गेवराईकडची म्हातारी माणसं आपसूक मांडी थोपटायची. उमेदीत असताना हा गडी दर साली मोगलाईची, म्हणजे निजामाच्या राज्याची, हद्द ओलांडून इंग्रजी मुलखात हुतूतू खेळायला जायचा. एका दमात तीन-तीन गडी मारून मधल्या रेघेला परत शिवायचा. जकातीच्या नाक्यावरचा म्हातारा शिपाई त्याचं गाठोडं सोडायला लावी. आत दोन भाकरी आणि एक लंगोट. "जाव पैलवान, सरकार की इज्जत रखना," म्हणून सोडून देई.

मग एका साली डाव्या गुडघ्यानं दगा दिला. खेळणं सुटलं, हुतूतू काही सुटला नाही. आश्रुबा गावच्या नऊ गड्यांचा उस्ताद झाला.

त्याची शिकवायची तऱ्हा मात्र जगावेगळी. तालमीत दंड-बैठका व्हायच्याच, पण दर एकादशीला तो नऊच्या नऊ गड्यांना मारुतीच्या देवळात नेई आणि कीर्तनात बुवांच्या मागं टाळ देऊन उभं करी. बुवांनी चाल सोडली की ह्यांनी झेलायची, उंच न्यायची, आणि बुवा पुढचं चरण घेईस्तोवर मधे श्वास घ्यायचा नाही. घेतला की पाठीत उस्तादाचा धपाटा. सुरवातीला गडी पाण्याबाहेरच्या माशासारखे तोंड वासत. वरीसभरात मात्र असे रंगले, की परगावचे बुवा आपणहून निरोप धाडू लागले: आश्रुबाचे टाळकरी असतील तर येतो.

गावाला कौतुक होतं. नव्हतं ते एका उत्तरेश्वरराव पाटलाला.

"आश्रुबा, तू गडी घडवायलास का टाळकरी बे?"

"मालक, दम एकच हाय. देवाम्होरं पुरतो, त्यो रेघेपल्याडबी पुरतो."

"मग दोन साल झालं, इंग्रजी मुलखातून हात हलवत कावून यायलाव?"

पाटलानं सांगून टाकलं, यंदाही हरलात तर हद्दीपलीकडचा सुंदरराव उस्ताद म्हणून आणणार. सुंदरराव म्हणजे आश्रुबाचा जुना वैरी. त्यालाच एकदा आश्रुबानं घोट्याला धरून रेघेच्या बोटभर अलीकडे लोळवलं होतं.

घरी बायकोनं, छबुबाईनं, भाकरी वाढता वाढता विचारलं, "तालीम गेली तर जीव जाणार हाय का तुमचा?"

"जीव कशाचा जातोय. पण सांजच्याला उठून मी जाऊ कुठं, त्ये सांग."

छबुबाईनं ताटात आणखी एक भाकरी टाकली.

सामना हद्दीपलीकडे सुंदररावाच्याच गावी, हरिनाम सप्त्याच्या शेवटच्या दिवशी होता. देवळामागच्या माळावर पांढऱ्या फक्कीच्या रेघा आखल्या होत्या. पंच देवळाचे गुरव, म्हाळूबाबा. खेळ इतका अटीतटीचा झाला, की उन्हं कलली तरी निकाल लागेना. अखेर सुंदररावाकडे दोन गडी उरले आणि आश्रुबाकडे एकटा धर्मराज.

धर्मराजानं माती कपाळाला लावली आणि हुतूतू करत घुसला. एकाच्या खांद्याला शिवला आणि वळला, तोवर दोघंही त्याच्या पाठीवर पडले. रेघ दोन हात लांब. धर्मराज पालथा, तोंडात माती, वर दोन रेड्यांसारखे गडी, आणि दम चालूच. वीतभर सरकला. पुन्हा वीतभर.

तेवढ्यात देवळाच्या कोपऱ्यावरून सांजची दिंडी वळली. मृदंग कडाडला, वीणेकऱ्यानं नामाची चाल सोडली. वरीसभराची सवय ती! चाल कानावर पडली की झेलायची. धर्मराजानं त्याच दमात, तिळभर खंड न पाडता, "विठ्ठल विठ्ठल विठ्ठल" सुरू केलं आणि बोटं रेघेवर टेकवली.

मोगलाईवाल्यांनी फेटे उडवले. पाठीवरचे दोघं ओरडत उठले, "बाद! बाद! ह्यानं हुतूतू सोडला! भलतंच म्हणला!"

"भलतंच काय बे, हारलाव तर गप घरी जा की!" मोगलाईवाले उलटून ओरडले.

मृदंगाच्या गजरात म्हाळूबाबांना काहीच कळलं नव्हतं. तिथली रीत अशी, की चढाईवर वाद पडला तर चढाई करणाऱ्याच्याच उस्तादाला विचारायचं. तो म्हणेल ते खरं. म्हाळूबाबा आश्रुबासमोर आले. "बोला उस्ताद, काय म्हणला तुमचा गडी?"

पाटील डोळ्यांनी खुणावत होते. एक शब्द फिरवला की तालीम राहणार होती. पण आश्रुबाला ठाऊक होतं ना. धर्मराजानं चाल उचलली तेव्हा त्याचे स्वतःचे ओठसुद्धा तिच्याबरोबर हलले होते.

"विठ्ठल म्हणला," आश्रुबा म्हणाला. "गडी बाद."

"घ्या! टाळकरीच घडवले शेवटी!" पाटलानं कपाळावर हात मारला आणि तसेच सुंदररावाकडे वळले. "चला उस्ताद आमच्या गावाला. तालीम तुमची."

सुंदरराव आपल्या गड्यांच्या अंगावरची माती झाडत होता. "पाटील, माझे दोन रेडे त्याच्या पाठीवर बसले होते. तरी त्याच्यापाशी देवापुरता दम शिल्लक होता. मी काय शिकवू तुमच्या गड्यांना?" मग तो आश्रुबाजवळ आला. "येत्या एकादशीला माझे नऊ धाडू का रे तुझ्याकडं? टाळ त्यांचे ते आणतील."

"धाड की. पण धपाटे खावे लागतील."

"मलाबी?"

"तुला तर आधी," आश्रुबा म्हणाला, आणि दोघं जुने वैरी खदखदून हसले.

पाटलानं बराच वेळ फेटा सारखा केला. "नऊ माणसं येणार म्हणल्यावर," ते घसा खाकरून म्हणाले, "त्यांच्या फराळाचं बघाया पायजे. आश्रुबा, आधी सांगत जा बाबा असलं."

धर्मराज बाजूला गुडघ्यात मान घालून बसला होता. "उस्ताद, तोंडातून आपसूक निघालं हो."

"देवाचं नाव निघालं, त्याची लाज कसली येड्या?" आश्रुबानं त्याच्या पाठीत हलकाच धपाटा घातला. "निस्तं एवढं ध्यानात धर. आधी रेघ शिवायची, मंग गायचं."

दिंडी माळाला वळसा घालून निघाली आणि वीणेकऱ्यानं पुढची चाल सोडली. हरलेल्या नऊ गड्यांनी ती झेलली. पण त्यांच्याही आधी उस्तादानं तोंड उघडलं होतं.