बिनव्याजी दादाजी

मननने पेढ्यांचा पुडा पुढे केला. त्याच्या आजोबांनी, जवरीलालजींनी, एक पेढा उचलला, खोटं नाणं पारखावं तसा उजेडाकडे धरला आणि विचारलं, "कर्ज फिटलं?"

"फिटलं नाही दादाजी, मिळालं! तीस लाख. जळगावात फ्लॅट घेतोय आम्ही."

"मिळालं म्हणून पेढे?" दादाजींनी पेढा पुड्यात परत ठेवला. "पन्नास वर्षं या धुळ्यात मी लोकांना कर्ज दिलं. दुकानाची पायरी उतरताना एकही जण हसला नाही. आणि तू पेढे वाटतोस?"

विधी नवऱ्याशेजारी गप्प बसून होती. नातसुनेनं गप्प बसायचं असतं, आणि पाचव्या गल्लीतल्या या घरात ती चार वर्षं हेच करत आली होती. नंतर मननला जळगावच्या चटईच्या कारखान्यात नोकरी लागली, तिला एका चष्म्याच्या दुकानात डोळे तपासायचं काम मिळालं आणि दोघं भाड्याच्या दोन खोल्यांत सुटली. आता तिला हवं होतं स्वतःचं दार. आपण उघडलं तर उघडेल, लावलं तर लागेल असं. आणि दाराआड स्वतःची शेगडी, जिच्यावर वांगी भाजताना कुणाची परवानगी लागणार नाही. विधी फैजपूरची. जन्मानं जैन, पण जिभेनं पक्की खानदेशी. मैत्रिणींच्या शेतात कांद्याची पात घातलेलं भरीत खाऊन वाढलेली मुलगी अशा घरात पडली होती, जिथे वांगं, कांदा, बटाटा यांचं नावसुद्धा कुणी काढत नसे आणि जेवण सूर्य मावळायच्या आत उरकत असे.

"पहिल्या हप्त्यात मुद्दल किती फिटतं?" दादाजींनी विचारलं.

"हप्ता सव्वीस हजारांचा आहे," मनन म्हणाला.

"हप्ता नाही विचारला मी."

मननला माहीत नव्हतं. विधीने मोबाइल काढला. बँकेने पाठवलेलं ते लांबलचक कोष्टक तिनेही कधी खाली सरकवून पाहिलं नव्हतं. आता पाहिलं आणि तिचाच आवाज बारीक झाला. "मुद्दल चार हजार सातशे पंच्याऐंशी. बाकी एकवीस हजार दोनशे पन्नास व्याज."

"आणि वीस वर्षांत एकूण?"

"साडेबासष्ट लाख."

 मग दादाजींनी त्या मोबाइलला दोन्ही हात जोडले. "लोक मला रक्तपिपासू म्हणायचे. गावात लग्नाला गेलो तर नवरदेवाचा बाप कोपऱ्यात लपायचा. आणि इथे तीस देऊन साडेबासष्ट घ्यायचे, वर कर्जदार पेढे वाटतो! मला हे सुचलंच नाही. गुरू आहे हा माणूस."

"माणूस नाही दादाजी, बँक आहे."

"तेच ते." दादाजी उठून आतल्या खोलीत गेले आणि बाहेर येऊन त्यांनी जाहीर केलं की देवपूरचा प्लॉट विकल्याचे पैसे पडून आहेत, त्यातले तीस लाख ते देतील. बिनव्याजी. महिना साडेबारा हजार, वीस वर्षं. "तोवर मी एकशे एकचा होईन. काळजी करू नका, वसुलीसाठी मी जगेन. फक्त हप्ता मी हातात घेणार. दर महिन्याच्या एक तारखेला, स्वतः येऊन. ते मोबाइलवरून पैसे सोडणं मला कळत नाही."

साडेबत्तीस लाख वाचले! मनन तिथल्या तिथे वाकून पाया पडला. विधीही वाकली, पण वाकताना तिला वाटून गेलं की एवढं फुकट मिळतंय तर त्यात काहीतरी खोट असणार. मग तिने स्वतःलाच दटावलं. देणाऱ्याचा हात आणि घेणाऱ्याची शंका, हा कुठला न्याय?

खोट पहिल्याच एक तारखेला सकाळी नऊ वाजता दारात उभी राहिली. हातात पिशवी, पिशवीत तीन दिवसांचे कपडे. दादाजींनी बेल एकदाच दाबली, पण बोट काढलं नाही.

पंचाहत्तरीनंतर एसटीचा प्रवास फुकट, त्यामुळे दादाजींना वसुलीचा खर्च शून्य होता. पारोळा, एरंडोल करत ते जळगावला उतरायचे, हप्ता मोजून घ्यायचे आणि चार तारखेपर्यंत राहायचे. त्या तीन दिवसांत ते कर्जाच्या तारणावर नजर फिरवत. तारण म्हणजे हे घर, आणि विधीच्या लवकरच लक्षात आलं की घरात तीही आली.

"हा सोफा केवढ्याचा? हप्ता चालू असताना सोफा?"

"पंखा असताना एसी कशाला लावला? हप्ता चालू आहे ना?"

बाथरूममधला नळ ठिबकला तर ते रात्रभर त्याखाली बादली ठेवून सकाळी पाणी दाखवत. त्यांनी गॅसची शेगडी ओट्याच्या दुसऱ्या टोकाला सरकवली, कारण पहिलं टोक त्यांना पसंत नव्हतं. सूर्यास्ताच्या आत जेवण म्हणून विधीला दुकानातून पाच वाजता पळत यावं लागे आणि मालक पगार कापत असे. एकदा तिने बाहेरून पिझ्झा मागवला, तर दादाजींनी आणून देणाऱ्या माणसाला दारातच थांबवलं, किंमत विचारली आणि "यात अर्ध्या महिन्याचं दूध येतं" असं सांगून त्याचं प्रबोधन करून पाठवलं. बिचारा पैसे घ्यायचे विसरून गेला. मननला ते फार आवडलं. मननला सगळंच आवडत होतं, कारण एक ते चार तारखेच्या काळात कारखान्यात त्याचं काम नेमकं वाढायचं.

बटाटे लपवायला विधीने वॉशिंग मशीन शोधून काढलं होतं. दादाजी घरातलं प्रत्येक कपाट उघडत, फ्रिज तर दिवसातून चारदा, पण कपडे धुण्याच्या यंत्राशी त्यांचं वैर होतं. ते धोतर हातानेच धूत. तेव्हा एक तारखेच्या आदल्या संध्याकाळी कांदे, बटाटे, लसूण असा सगळा मुद्देमाल मशीनच्या पोटात जायचा.

हिवाळा लागला तशी वरच्या मजल्यावरच्या लताबाई पारोळ्याच्या आपल्या शेतातली वांगी घेऊन आल्या. पांढरट हिरवी, भरताची, हातात न मावणारी. लताबाईंना विधीचं सगळं दुःख ठाऊक होतं. भिंती पातळ होत्या आणि दादाजींचा आवाज जाड.

"आज तीस तारीख शे ना वं? तुन्हा म्हतारा उद्या येवाव शे. आजच भाजी टाक बठ्ठी," लताबाई म्हणाल्या.

सगळी आजच भाजून टाकायची म्हणून विधीने वांगी शेगडीवर ठेवली. साल करपायला लागलं, तो धुरकट वास घरभर पसरला, आणि नवीन घरात आल्यापासून पहिल्यांदा तिला हे घर आपलं वाटलं. इतक्यात बेल वाजली. वाजतच राहिली. उद्याच्या गाडीला गर्दी असते म्हणून दादाजी आजच आले होते.

लताबाईंनी जळती वांगी ताटात घेतली आणि पदराखाली झाकून जिन्याने वर पळ काढला. दादाजी बाजूला सरकून त्यांच्या पदरातून निघणाऱ्या धुराकडे पाहत राहिले. आत विधीने पात, कांदे, बटाटे मशीनमध्ये कोंबले आणि दार उघडं ठेवून उदबत्ती लावली. दादाजींनी नाक वर करून वास घेतला आणि पिशवी आत नेऊन ठेवली. विधीला वाटलं, सुटलो.

दुसऱ्या दिवशी ती कामावरून आली तर घरातून धडाधड आवाज येत होता. दादाजींची कंबर धरली होती, म्हणून त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा, आत न बघताच, धोतर मशीनमध्ये टाकून बटण दाबलं होतं. बटाट्यांनी आतून नुसता दंगा मांडला होता. शेवटी मशीन थांबलं, दादाजींनी झाकण उघडलं आणि हिरवट झालेल्या धोतरातून एक एक बटाटा काढून ओट्यावर मांडला. लख्ख धुतलेले, अर्धे सोललेले.

"कंदमुळं," ते म्हणाले. "हप्ता चालू असताना."

"बटाट्याचा आणि हप्त्याचा काय संबंध, दादाजी?" विधीच्या तोंडून निघून गेलं. चार वर्षं अधिक दहा महिने दाबून ठेवलेलं सगळं त्या एका वाक्यामागे रांगेत उभं होतं. "घर माझं आहे की तुमचं?"

दादाजींनी शांतपणे शेवटचा बटाटा मांडला. "हप्ता फिटेपर्यंत माझं."

त्या रात्री मनन म्हणाला, "म्हातारं माणूस आहे. साडेबत्तीस लाख वाचतायत ना आपले?" विधी म्हणाली, "तुझे वाचतायत. भरतेय मी." आणि भिंतीकडे तोंड करून झोपली. रागाने तिला रडू येत होतं, आणि रडू येतंय याचा आणखी राग.

आठवड्याने ती एकटीच बँकेत गेली. कर्ज विभागातले साहेब सभ्य होते. त्यांनी विचारलं, "जुनं कर्ज कुणाचं?"

"आजेसासऱ्यांचं."

"व्याजदर?"

"शून्य."

साहेबांनी चष्मा काढला. चष्म्याचा नंबर बदलायला झालाय हे विधीने ओळखलं, पण बोलली नाही. "मॅडम, शून्य टक्क्याचं कर्ज फेडायला साडेआठ टक्क्यांचं घेताय? एकतीस लाख नुसतं व्याज जाईल."

"माहीत आहे. तुमची बँक आमच्या घरी येते का?"

"म्हणजे?"

"दर महिन्याला राहायला वगैरे?"

"नाही हो. हप्ते थकले तरच कुणी येतं."

"फ्रिज उघडते? वॉशिंग मशीन?"

"अजिबात नाही."

"मग कुठे सही करू?"

साहेब भले निघाले. घर घेऊन वर्ष झालं नाही तोवर हे प्रकरण घरखरेदीच्या कर्जात बसवता येईल म्हणाले, आणि ते कोष्टकही त्यांनी नीट समजावलं. बँक सुरुवातीला मुद्दाम व्याज उपटते असं नाही. मुद्दल मोठं असतं म्हणून त्याचं व्याज मोठं. मुद्दल लवकर कापलं की पुढचं सगळं व्याज झडतं. वर्षाला एक जरी हप्ता जास्तीचा भरला, तरी विसातली तीन-साडेतीन वर्षं कमी होतात. विधी रोज लोकांना दोन भिंगं दाखवून विचारायची, हे स्पष्ट दिसतं की ते? तिने आता दोन्ही कर्जं एकामागून एक डोळ्यांपुढे धरली. एकाचा आकडा कागदावर होता, दुसऱ्याचा तिच्या अंगावर. तिला कागदावरचा स्पष्ट दिसला.

मनन आधी ओरडला, मग त्याने मशीनमध्ये अडकलेली बटाट्याची साल काढून पाहिली आणि सही केली.

चेक द्यायला दोघं धुळ्याला गेली. दादाजी दुकानातच होते. त्यांच्या जुन्या गादीवर आता मुलाचे दोन मोबाइल चार्जिंगला लावलेले होते आणि ते स्वतः बाजूच्या प्लास्टिकच्या खुर्चीवर बसले होते. गिऱ्हाइकं त्यांना वळसा घालून जात होती. दादाजींनी चेक घेतला, शून्यं बोटाने मोजली.

"एकतीस लाख व्याज भरशील त्यांना," ते विधीला म्हणाले. "पण माझं बिनव्याजी नको."

"तुमचं बिनव्याजी नव्हतं, दादाजी. तुम्ही व्याज रोज घेत होतात. मला परवडत नव्हतं."

एवढं स्पष्ट या घरात कुणी त्यांच्याशी बोललं नव्हतं. मननने डोळे मिटून घेतले. दादाजींनी चेक खिशात ठेवला. "चुकतं झालं," ते म्हणाले. "आता माझं कुणाकडेच काही येणं राहिलं नाही."

हिशेबाचं वाक्य होतं, पण आवाज हिशेबाचा नव्हता. तरी तिने चेक परत मागितला नाही.

एक तारखेला बेल वाजली नाही. विधीने रात्री आठ वाजता, सूर्याला पूर्ण मावळू देऊन, वांगी भाजली, भरपूर पात चिरली, आणि लताबाई, मनन आणि ती असं तिघांनी ज्वारी-उडदाच्या कळण्याच्या भाकरीशी भरीत खाल्लं. झकास झालं होतं. उगाच खोटं कशाला बोला, तिला दादाजींची जेवताना एकदाही आठवण आली नाही. आली ती भांडी घासताना, नळ ठिबकला तेव्हा.

पाच तारखेला मोबाइलवर संदेश आला, बँकेने हप्ता कापून घेतला होता. ना बेल, ना चहा. त्यानंतर तासाभराने बेल वाजली. एकदाच, आणि लगेच थांबली.

दारात दादाजी उभे होते. हातात पिशवी. दार सताड उघडं होतं तरी ते उंबऱ्याच्या बाहेर थांबले होते, चपला काढलेल्या.

"येऊ का आत?" त्यांनी विचारलं.

दहा महिन्यांत हा प्रश्न त्यांनी कधी विचारला नव्हता. एकतीस लाखांत आपण नेमकं काय विकत घेतलं, ते विधीला त्या क्षणी कळलं. तिला हसू आलं आणि डोळेही भरून आले. "या ना, दादाजी."

ते सोफ्याच्या अगदी कडेवर बसले. एसीकडे पाहिलं, पण काही बोलले नाहीत. "आज बँकेचा हप्ता ना? ते लोक आले होते?"

"नाही. मोबाइलवरूनच कापून घेतला."

"चहासुद्धा घेतला नाही?"

"नाही."

"एवढी वसुली करायची आणि घरात पाऊल टाकायचं नाही," दादाजी पुटपुटले. "कसले सावकार हे." मग त्यांनी पिशवी मांडीवर घेतली आणि खाली बघत म्हणाले, "बँकेच्या वाटणीचा चहा मला टाकशील?"

विधीने आधण ठेवलं. शेगडी आता तिच्या पसंतीच्या टोकाला होती.