शंभरामागे नऊ

आमच्या सासूबाई बँकेच्या फरशीवर बसत नाहीत. बँकेत नव्हे, आमच्याच घरात.

हे नीट सांगायला हवं, नाहीतर बाईंच्या डोक्यावर परिणाम झालाय असं वाटेल. माझा नवरा फरशी बसवणारा मिस्त्री. कर्ज काढून घर घेतलं तेव्हा जमीन यांनी स्वतः घातली. दोन खोल्या, स्वयंपाकघर, सोळा इंची फरश्या. भिंतीकडेचे कापलेले तुकडे सोडले तर अख्ख्या फरश्या दोनशे चाळीस. कर्जाचे हप्तेही दोनशे चाळीस. आकडा आपोआप जुळला की यांनी कडेचे तुकडे वाढवून जुळवला, ते मी कधी विचारलं नाही. कारागिराला सगळंच विचारू नये.

तेव्हापासून आमच्या घरात एक रीत पडली. महिन्याचा हप्ता कापला गेला की हे हिरव्या ऑइलपेंटची डबी उघडायचे आणि एका फरशीच्या कोपऱ्यात बारीकसा ठिपका द्यायचे. ठिपका पडला की फरशी आपली. उंबरठ्यापासून सुरुवात करून आम्ही असे महिन्याला एकेक पाऊल घरात शिरत होतो.

सासूबाईंनी तीस वर्षं बसमध्ये कंडक्टरकी केलेली. तिकीट नाही तर जागा नाही, हा त्यांचा बाणा. दोन वर्षांपूर्वी चौऱ्याऐंशीव्या फरशीवर ठिपका पडला, तेव्हाच त्यांची खुर्ची दारातून खिडकीशी आली. पाहुणा आला आणि भलतीकडे टेकला, तर त्या सरळ सांगायच्या, "जरा अलीकडे सरका, तिकडचं अजून व्हायचंय." मला मात्र बँकेची हद्द फार सोयीची होती. मायलेकांनी एकी करून माझं डोकं फिरवलं, की मी बिनठिपक्याच्या स्वयंपाकघरात जाऊन उभी राहायची. "इथे तुमचं काही चालायचं नाही," म्हणायची, "इथला मालक वेगळा आहे."

गंमत म्हणजे आम्ही तिघंही हिशेबाची माणसं. यांना खोलीत नुसतं डोकावून फरश्या किती लागतील ते सांगता येतं. सासूबाईंनी चालत्या बसमध्ये उभ्याने सुट्ट्यांचे हिशेब केलेत. आणि मी शिवणकाम करते, अस्तराचं कापड चार बोटंसुद्धा वाया जाऊ देत नाही. पण एक हप्ता गुणिले दोनशे चाळीस, हा गुणाकार आमच्यापैकी एकानेही नऊ वर्षांत केला नव्हता. घर घेताना आम्ही एवढंच पाहिलं की हप्ता पगारपाण्यात बसतोय का. कमरेत बसतंय ना, मग पँट चांगली, असं म्हणणारी गिऱ्हाइकं मला रोज भेटतात. त्यांना मी मनातल्या मनात हसते.

मग यांचे गुडघे बोलायला लागले. फरशीचं काम म्हणजे दिवसभर गुडघ्यावर. गेल्या वर्षापासून संध्याकाळी गुडघे सुजून टम्म. हे म्हणायचे, "वय झालं की माणूस सगळीकडून भरतो." डॉक्टरांनी मात्र स्पष्ट सांगितलं, की जपून केलंत तर पाच-सहा वर्षं काम निघेल, पुढचं सांगता येत नाही. घरी येऊन यांनी डॉक्टरांचीच टिंगल केली, "त्याने कधी एक खोली तरी घातलीय का?" मी हसले नाही. रात्री हे पाय कुठे ठेवू, कुठे नको करत होते आणि मी झोपल्याचं सोंग घेऊन ऐकत होते. मला भीती वाटत होती, आणि भीती वाटली की मी जास्तच टाकून बोलते, हा माझा जुना दोष.

अशात बँकेचा कागद आला. कर्जाची मुदत वाढवा, हप्ता साडेचार हजारांनी कमी. आम्हाला वाटलं, देवच पावला. साडेचार हजार वाचले की महिन्यातले चार दिवस यांना घरी बसता येईल, गुडघ्यांना विश्रांती मिळेल. कर्जावर तिघांच्याही सह्या होत्या, म्हणून आम्ही तिघंही ठेवणीतले कपडे घालून बँकेत गेलो.

कर्ज बघणाऱ्या बाई चष्मा गळ्यात अडकवून बसल्या होत्या. "किती हप्ते झाले?" त्यांनी विचारलं.

"एकशे आठ," हे छाती काढून म्हणाले. "आणखी बारा, की निम्मं घर आमचं."

सासूबाईंनी डोळे मिटले. ही त्यांची गुणाकाराची पद्धत. "सतरा हजार नऊशे पंच्याण्णव एकशे आठ वेळा," त्या पुटपुटल्या, "म्हणजे एकोणीस लाख त्रेचाळीस हजार चारशे साठ." मग डोळे खाडकन उघडले. "अरे, आपण वीसच लाख घेतले होते ना? मग सत्तावन्न हजारच राहिले की!"

आपण कर्ज फेडून बसलोय आणि कुणाला पत्ताच नाही, असं वाटलं. माझ्या मनात तर पेढेही वाटून झाले.

बाईंनी छापलेला कागद आमच्याकडे सरकवला. बाकी मुद्दल, पंधरा लाख चार हजार.

"दुसऱ्या कुणाचा तरी आलाय," हे समजुतीने म्हणाले.

"तुमचाच आहे. व्याज धरलं नाहीत तुम्ही."

"धरलंय की! शंभरामागे नऊ. वीस लाखांवर एक लाख ऐंशी हजार. पहिल्या दिवशीच धरलंय."

तेव्हा माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. फरशीच्या धंद्यात माल मागवताना तूट धरतात. शंभर फरश्या लागणार असतील तर आठ-दहा जास्तीच्या सांगायच्या, कारण उतरवताना, कापताना तेवढ्या फुटतातच. यांनी नऊ टक्के ऐकलं आणि तूट समजून सोडून दिलं. नऊ वर्षांपूर्वी मलाही तसंच समजावलं होतं आणि मी मान डोलावली होती.

बाईंनी चष्मा डोळ्यांवर चढवला. "नऊ टक्के एकदा नाही. दर वर्षी, जेवढं उरलंय तेवढ्यावर. पहिल्या महिन्यात अख्खे वीस लाख बाकी होते, त्याचं त्या महिन्याचं व्याज पंधरा हजार. मग तुमच्या हप्त्यातले घराकडे किती गेले?"

"दोन हजार नऊशे पंच्याण्णव," सासूबाई खोल आवाजात म्हणाल्या.

"दर वर्षी?" यांना ते काही केल्या पटेना. "अहो, माल उतरवताना जे फुटायचं ते फुटतं. पुढे दर वर्षी घरी येऊन कोण फोडतं?"

बाईंना हसू आलं, ते त्यांनी पाण्याच्या घोटाबरोबर गिळलं. मग शांतपणे सांगितलं, की आम्ही भरलेल्यातले साडेचौदा लाख नुसत्या व्याजात गेले, मुद्दल फिटलं पाच लाखांच्या आत. ठरल्याप्रमाणे शेवटपर्यंत भरलं तर वीस लाखांचं घर त्रेचाळीस लाखांना पडणार. नाकापेक्षा मोती जड म्हणतात, इथे तर नाक दिसतच नव्हतं.

"मग आमच्या फरश्या किती झाल्या?" सासूबाईंनी विचारलं. बाईंना आमची रीत समजावून सांगावी लागली. त्यांनी गंभीरपणे यंत्रावर आकडे दाबले. "साधारण साडेएकोणसाठ."

"आणि मी दोन वर्षं चौऱ्याऐंशीवर बसलेय," सासूबाई म्हणाल्या. तीस वर्षं लोकांना बसमधून उतरवणाऱ्या बाईचा चेहरा बघवत नव्हता.

मी यांच्यावर घसरले. "नऊ वर्षं रांगोळी घातल्यासारखे ठिपके काढत होतात! एकदा तरी विचारायचं होतं कुणाला!" टेबलाखाली यांचा हात गुडघ्यावर होता आणि अंगठा गोल गोल फिरत होता. मी गप्प बसले, पण उशिरा.

"झालं ते झालं," हे म्हणाले. "नवा कागद द्या. हप्ता कमी होतोय ना?"

बाईंनी पेन पुढे केलं. सासूबाईंनी ते मधल्यामध्ये धरलं. "थांबा. तिकीट स्वस्त केलंय, की टप्पे वाढवलेत?"

"टप्पे वाढवलेत," बाई म्हणाल्या. त्या खोटं बोलणाऱ्यातल्या नव्हत्या, फक्त विचारल्याशिवाय सांगणाऱ्यातल्या नव्हत्या. "आता अकरा वर्षं राहिलीत, त्यात पावणेचोवीस लाख भराल. नव्या कागदाने वीस वर्षं होतील. हप्ता साडेतेरा हजार, पण एकूण साडेबत्तीस लाख."

म्हणजे महिन्याच्या चार दिवसांच्या विश्रांतीसाठी पावणेनऊ लाख जास्त. मी अर्ज ओढून घेतला. त्यात एक रकाना होता, कर्ज संपताना अर्जदाराचं वय. बाईंनी तो आधीच भरून ठेवला होता. एकोणसत्तर.

एकोणसत्तर. एवढ्या वयाचा माणूस कुणाच्या तरी मोरीत गुडघ्यावर बसून सिमेंट पसरतोय, आणि तो माणूस हे आहेत, असं मला समोर दिसलं. आजपर्यंत मी घराची किंमत पैशात मोजत होते. ती यांच्या गुडघ्यांतून वसूल होणार होती, आणि आम्ही ती वाढवून द्यायला नटूनथटून आलो होतो.

"दुसरा काही रस्ता?" मी विचारलं.

"उलटा रस्ता. थोडी रक्कम एकदम भरा, हप्ता कमी न करता वाढवा. सगळं मुद्दलावर जातं, व्याज तिथल्या तिथे कमी होतं. कुठे काही ठेव वगैरे आहे?"

"कसली ठेव, बाई!" हे हसले. "आमच्याकडे ठेवायला गुडघेच तेवढे आहेत."

बाई हसल्या नाहीत. त्यांनी संगणकाच्या पडद्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं, आणि नजर हळूच टेबलावर ठेवली. कारण माझी ठेव त्याच बँकेत होती.

सात वर्षं मी ती साठवत होते. पँटी आखूड करून, पडदे शिवून, चेन बदलून. तीन लाख झाले होते. चौकात एक गाळा होता, आरसा लावायला पुरेशी भिंत असलेला, त्यावर माझा डोळा होता. स्वतःचं दुकान, स्वतःची पाटी. घरात कुणाला सांगितलं नव्हतं, कारण सांगितलं की पैशांना पाय फुटतात. आपलं ठेवावं झाकून, दुसऱ्याचं पाहावं वाकून, तशातली गत. आत्ताच मी यांना अख्ख्या बँकेसमोर मूर्खात काढलं होतं, आणि मी काय शहाणपणा केला होता? माझ्या तीन लाखांवर बँक मला सहा टक्के देत होती आणि तिथेच, शेजारच्या टेबलावर, आमच्या कर्जाला नऊ लावत होती. माझेच पैसे मी सहाने देऊन नऊने परत घेत होते, आणि वर गुपित राखल्याचा मला अभिमान होता.

ताकाला जाऊन भांडं किती वेळ लपवणार. "माझी आहे ठेव," मी म्हणाले. "तीन लाख. ती मोडा आणि कर्जात भरा."

सासूबाईंच्या हातातलं पेन खाली पडलं. हे माझ्याकडे वळले. हे चिडतील असं मला वाटलं होतं, चिडले असते तर बरं झालं असतं.

"कशासाठी ठेवले होतेस?" यांनी विचारलं.

"चौकातल्या गाळ्यासाठी."

तेवढ्यात सासूबाईंनी तोंड उघडलं. त्यांनी माझ्यावर जे काही ओरडायचं ते घरी नेण्यासाठी बाजूला ठेवलं आणि बाईंना म्हणाल्या, "हप्ता आहे तसाच ठेवा. वर माझ्या पेन्शनीतले दोन हजार."

"दोन हजार शिवणातले," मी म्हणाले.

बाईंनी आकडे दाबले. "पाच वर्षं अकरा महिने," त्या म्हणाल्या.

यांनी बोटांवर मोजलं. आता एकोणपन्नास, म्हणजे पंचावन्न. परत मोजलं. मग म्हणाले, "नको. तुझं दुकान आहे ते. माझ्या गुडघ्यांसाठी तुझं दुकान नको."

"दुकान घेतलं असतं," मी म्हणाले, "आणि आरशासमोर बसून तुम्ही काठी टेकत कामाला जाताना बघितलं असतं. मला नको तसलं दुकान. सही करते मी."

केली. सासूबाईंनी केली, यांनीही केली.

बँकेला बाहेर सात पायऱ्या होत्या. वर्षभर हे जिने उतरताना कठड्याला असा हात लावायचे, की जणू सहजच लावलाय, आणि आम्हीही तसंच समजायचो. या वेळी हे पहिल्या पायरीवर थांबले.

"दुखतंय गं," हे म्हणाले, आणि माझ्या खांद्यावर हात ठेवून, अख्खा भार टाकून, एकेक पायरी उतरले.