ईशान्य कोपरा

थोको बांदा तपासणीसाठी आमच्या प्लॉटवर उतरली. नऊ वर्षं परदेशात भाड्याच्या घरांत काढून आम्ही शहराबाहेरच्या टार्निट उपनगरात जमीन घेतली होती, शुक्रवारी काँक्रीट पडणार होतं, आणि शेजारच्या गल्लीत ड्रेन खणताना जुनी दगडी हत्यारं सापडली होती. इथल्या मूळ रहिवाशांच्या मंडळाने आजूबाजूचे प्लॉट तपासायला थोकोला नेमलं होतं.

दुसरं कोणी आलं असतं तर खोटं बोलणं सोपं गेलं असतं. पण थोकोने मला गाडी शिकवली होती. मलावीची ही पुरातत्त्वज्ञ दर शनिवारी इथे नव्याने आलेल्या बायकांना ड्रायव्हिंग शिकवायची, नोकरीचे अर्ज भरायला मदत करायची. तिकडे तिने गावोगावी विहिरी आणि शाळा उभ्या केल्या होत्या. एका धरणाच्या कामाआधी मात्र अहवालात ‘इथे काही नाही’ असं लिहून तिने सही केली होती, कारण बदल्यात गावाला दवाखाना मिळणार होता. दवाखाना मिळाला, कबरी पाण्याखाली गेल्या. हे तिने मला रिव्हर्स पार्किंग शिकवताना सांगितलं, आणि मी मेली तेव्हा नुसती आरसे बघत होते.

ईशान्य कोपऱ्यात ती गुडघ्यांवर बसली. तिथली माती भुसभुशीत होती, तिच्यात हळद आणि अक्षता होत्या. हे काय, असं तिने विचारलं. मी भूमिपूजन समजावून सांगितलं. पुण्याचे गुरुजी व्हिडिओ कॉलवर होते आणि माझ्या नवऱ्याने, मिहिरने, हातभर खड्डा खणला होता. तपासणी होईपर्यंत खणू नका असं पत्र आलं होतं, पण मुहूर्त शनिवारचा होता. पत्रापेक्षा आम्हाला मुहूर्त मोठा वाटला.

एक गोष्ट मी गिळली. त्या खड्ड्यात मिहिरला वाटीसारखं एक हाड लागलं होतं. जमिनीत हाड म्हणजे शल्य, घराला लागतं, आधी ते बाहेर काढा, असं गुरुजी म्हणाले. मेंढीचं असेल म्हणत मिहिरने ते स्किपमध्ये, बांधकामाच्या कचऱ्याच्या मोठ्या लोखंडी पेटीत, फेकलं आणि मी वर गंगाजल शिंपडलं. सोमवारी स्किप उचलून नेला.

"खणताना काही मिळालं?" थोकोने विचारलं.

"नाही."

तिने ते लिहून घेतलं नाही. खुरपी काढून ती स्वतःच खणायला लागली. काही मिळणार नाही, मी मनात घोकत होते, होतं ते गेलं. वारा पिवळ्या टेपला फडाफडा झोडपत होता. अर्ध्या तासाने तिने खुरपी ठेवून ब्रश घेतला आणि मला हातानेच मागे सरकायला सांगितलं. मातीतून बारीक मणके वर आले, मग एक इवलासा खांदा. 

थोकोने त्यावर पांढरं कापड घातलं. मंडळातल्या वडीलधाऱ्यांना फोन करून ती हलक्या आवाजात बोलली. फोन ठेवल्यावरही तिने मान वर केली नाही.

"लहान मूल आहे," ती म्हणाली. "कुणीतरी अगदी नीट कुशीवर निजवलंय. याचं डोकं कुठे आहे, शाल्मली?"

"अशुभ म्हणून," मी म्हणाले, "आम्ही ते कचऱ्यात टाकलं."