पाटीवरचं वाक्य

सोसायटीच्या पूजेला जयवंत परब पहिल्या रांगेत बसला होता. अंगात नवा सदरा आणि नजर फाटकाकडे. सत्कारमूर्ती नसता तर एव्हाना कुर्ल्याला बहिणीकडे पळाला असता. पळण्यात त्याचा हात धरणारा अख्ख्या कांजूरमार्गात कोणी नव्हता.

महिन्यापूर्वी जिन्यातल्या मीटरबॉक्सला आग लागली, तेव्हाही तो पळालाच होता. तिसऱ्या मजल्यावर शेजारच्या चंपाकाकूंनी मागून त्याच्या गळ्याला मिठी घातली. त्याने झटकलं, कोपर मारलं, "सोड गं म्हातारे, मर इथेच!" म्हणून ओरडला. म्हातारी सुटेना, म्हणून तशीच पाठीवर खाली आली. जिन्यातल्या कॅमेऱ्यात सगळं चित्र आलं, आवाज मात्र आला नाही. झालं, एका रात्रीत गडी शूरवीर!

लग्नाला बावीस वर्षं झाली, पण विमलाने नवऱ्याकडे असं कौतुकाने बघायला आत्ता कुठे सुरुवात केली होती. ते कौतुक जाईल, याचीच त्याला धास्ती होती.

तळमजल्यावरच्या सुयोगने त्या चित्राचा विनोदी मूकपट केला होता, तो आता पूजेत लावला. काळापांढरा, दुडक्या चालीचा, मागे पेटी. त्यात बंबाच्या आधी शाल घेऊन धावणारा पुढारी त्याने स्वतःच रंगवला होता. पडद्यावर जयवंत आणि काकू धुरात गरगर फिरले आणि पाटी आली: 'घाबरू नका काकू, मी आहे ना!'

शिट्ट्या पडल्या. काकूंना अक्षरओळख नव्हती.

"काय लिवलंय गो?" त्यांनी शेजारी बसलेल्या अक्षताला विचारलं. तिने वाचून दाखवलं. काकू नुसती बरगडी चोळत राहिल्या.

शाल घालायला काकूंनाच बोलावलं. त्यांनी शाल घातली, नारळ दिला आणि सुयोगच्या हातातला माईक घेतला.

"त्या दिसा माका काय म्हटलंस, जयवंता? परत सांग. सगळ्यांका ऐकांदेत."

माईक त्याच्या तोंडासमोर आला. पाटीवरचं वाक्य पाठ होतं, सहा शब्दांचं तर होतं. पण काकू डोळ्यांत बघत होत्या. त्याचं तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं.

"काय अ‍ॅक्टिंग करतो यार!" मागून कोणीतरी ओरडलं. हशा पिकला, टाळ्या पडल्या. विमलाही टाळ्या वाजवत होती. मग तिने काकूंच्या तोंडाकडे बघितलं आणि तिचे हात थांबले.