एकविसाव्या पानावरची मोकळी जागा

नाटकगृहात त्यांना सगळे कुजबुजे म्हणत. खरं आडनाव हजेरीपटापुरतं उरलं होतं. विंगेत स्टुलावर बसायचं, मांडीवर संहिता उघडी ठेवायची आणि नट अडला की पुढचं वाक्य त्याला हळूच सांगायचं, हे काम त्यांनी चाळीस वर्षं केलं होतं. आवाज असा कमावलेला, की तीन पावलांवरच्या नटाला शब्द न् शब्द कळे आणि पहिल्या रांगेत डास गुणगुणल्याचाही भास होत नसे. पण अलीकडे नाटकं छोटी झाली, नटांची पाठांतरं पक्की झाली आणि कुजबुज्यांकडे उरलं ते जुन्या संहितांचं कपाट. "नाग गेला, वारूळ राहिलं," असं ते म्हणत आणि आपणच हसत, कारण त्यासाठी दुसरं कुणी थांबत नसे.

त्या सोमवारी व्यवस्थापक घाम पुसत कपाटापाशी आले.

"कुजबुजे, पाहुण्यांनी घोळ घातलाय."

पाहुणे म्हणजे सीमेपलीकडची नाटकमंडळी. पस्तीस वर्षांपूर्वी याच नाटकगृहाची कंपनी रंगवलेले पडदे, टोप आणि ट्रंका घेऊन शेजारच्या देशात दौऱ्यावर गेली होती. भाषा एकच, नुसता हेल वेगळा, त्यामुळे गावोगावी गर्दी झाली. कुजबुजे त्या दौऱ्यात होते आणि त्यांची धाकटी बहीणही. ती नायिकेचं काम करायची. परतताना कुजबुजे आले, बहीण आली नाही. तिनं तिथल्या एका दिवेवाल्याशी लग्न केलं. पुढच्याच वर्षी सीमा बंद झाली. मग आधी पत्रं आणि नंतर फोन, एवढंच भाऊ-बहिणीचं नातं राहिलं. आता कुठे सीमेचं दार किलकिलं झालं होतं आणि तिकडची पहिली मंडळी इकडे आली होती. बहिणीचे गुडघे गेलेले, ती आली नव्हती. तिची मुलगी आली होती, मुख्य भूमिका करणारी.

"घोळ कसला?" कुजबुज्यांनी विचारलं.

"त्यांच्याकडे संहिताच नाही! परवानगी कचेरीत गुरुवारी बाराच्या आत दोन प्रती द्यायच्यात. त्यांच्या मास्तरांना म्हटलं संहिता द्या, तर म्हणतात, आम्ही लिहीत नाही, आम्ही करतो. आता काय कपाळ फोडू? तुम्ही तालमीला बसा आणि ते बोलतील ते उतरवून घ्या. परवानगी नाही मिळाली तर प्रयोग नाही, सरळ आहे."

भाचीचा प्रयोग त्यांच्या लेखणीला टांगलेला! त्यांनी चार पेन्सिली तासून घेतल्या, आणि टोक मोडेल म्हणून आणखी दोन.

भाचीनं त्यांना पाहिलं आणि आधी त्यांची पिशवी काढून घेतली. "मामा, आईचा हुकूम आहे. दादाला पहिल्या रांगेत बसवायचं. म्हणाली, त्यानं जन्मात नाटक समोरून पाहिलेलं नाही."

"खरंय ते. मला सगळ्या नायिकांचे फक्त डावे कान माहीत आहेत."

ती खळखळून हसली. आपल्या विनोदावर दुसरं माणूस हसल्याची सवय नसल्यानं कुजबुजे थोडे गांगरले.

चहाच्या वेळी मास्तर, म्हणजे त्या मंडळींचे दिग्दर्शक, बोलायला बसले. अंगानं आडवे, आवाजानं उभे. "तुमची कंपनी आमच्याकडे पडदे ठेवून गेली. सीमा बंद झाली, पडदे फाटले. नवे रंगवणारा कुणी नाही, म्हणून पडद्याशिवाय करायला लागलो. नाटकगृहाचं गोदाम झालं, म्हणून गोदामात पोत्यांवर करायला लागलो. मग लिहिलेला कागद सापडला की उचलून नेऊ लागले, म्हणून कागदाशिवाय. आता बाहेरचे लोक येतात आणि म्हणतात, काय हो आधुनिक नाटक तुमचं! अरे, नाइलाज आहे तो!"

"आमच्या पुस्तकात तर लिहिलंय, की आधुनिक नाटक इकडे तुमच्याकडून आलं," कुजबुजे भीत भीत म्हणाले.

"आमच्या पुस्तकात लिहिलंय तुमच्याकडून!"

"नाटक म्हणजे पडसंच आहे," भाची म्हणाली. "ज्याला त्याला शेजाऱ्याकडून लागलेलं."

नाटक साधं होतं. एक बाई भावाला लिहिलेलं पत्र घेऊन खिडकीपुढच्या रांगेत उभी राहते. तिचा नंबर येतो तेव्हा खिडकी बंद होते. दुसऱ्या दिवशी पुन्हा रांग. अशी वर्षं जातात, रांगेतली माणसं बदलतात, भांडतात, थट्टा करतात. शेवटी एकदाची खिडकी उघडते आणि आतला कारकून विचारतो, "बोला, काय काम आहे?" बाई बोलते, आणि नाटक संपतं.

मंगळवारच्या तालमीत खिडकी उघडल्यावर ती म्हणाली, "काम काही नाही. सकाळी मामानं मला चहा करून दिला. साखर घालायला विसरला. मी तसाच प्यायले. एवढंच कुणाला तरी सांगायचं होतं."

कुजबुज्यांची पेन्सिल अडखळली. भाची त्यांच्याकडेच उतरली होती, आणि सकाळचा चहा खरोखरच बिनसाखरेचा झाला होता! कान तापले, पण हात थांबला नाही. जे ऐकू येईल ते लिहायचं, हा धर्म.

बुधवारी पुन्हा तालीम. खिडकी उघडली. कारकुनानं विचारलं. भाची गप्प. एक क्षण, दोन क्षण, पाच. कुजबुज्यांचे ओठ त्यांना न विचारताच हलले: "काम काही नाही. सकाळी मामानं मला..."

अख्खी मंडळी हसून लोळायची बाकी राहिली. मास्तरांनी तर डोळे पुसले.

"अरे मामा! मी अडले नव्हते रे. मी शोधत होते."

"काय शोधत होतीस?"

"आजचं. ते वाक्य कालचं होतं. त्या ठिकाणी रोज त्या दिवसाचं बोलायचं. जे खरं असेल ते. तेवढ्यासाठी तर हे सगळं नाटक."

"चुकलं माझं," कुजबुजे म्हणाले. मग आणखी दोनदा म्हणाले.

"चुकलं काय त्यात? तू फक्त तिथे जागा मोकळी सोड. सोडशील ना? नक्की?"

"नक्की."

त्यांनी रात्रीचं जेवण लवकर उरकून दोन्ही प्रती स्वच्छ अक्षरात लिहून काढल्या. एकविसाव्या पानावर कंस करून लिहिलं: येथे बाई मनाला येईल ते बोलते. खाली चार ओळी कोऱ्या. चाळीस वर्षांत त्यांनी भोक असलेली संहिता कधी हातावेगळी केली नव्हती. त्या चार ओळींकडे बघताना त्यांना उंच गच्चीच्या कठड्याशी उभं राहिल्यासारखं वाटलं.

परवानगी कचेरीत काच होती आणि काचेला खाली अर्धगोल खाच. आत बसलेल्या बाई वाईट नव्हत्या. त्यांनी पानं भराभर उलटली, दोनदा हसल्यासुद्धा. एकविसाव्या पानावर बोट थांबलं.

"काका, हे काय? इथं काहीच नाही."

"तिथं ती मनाला येईल ते बोलते."

"काय येईल मनाला?"

"ते त्या दिवशी ठरतं."

"मग परवानगी घ्यायलाही त्या दिवशी याल का? अहो, कोऱ्या जागेवर मी शिक्का कशी मारू? काय बोलणार ते लिहा. पावणेबारा झालेत. बाराला खिडकी बंद, आणि पुढची सही थेट सोमवारी."

प्रयोग शनिवारी होता. कुजबुज्यांनी बाजूला होऊन व्यवस्थापकांना फोन लावला. वाजत राहिला. मागे रांगेतला माणूस खाकरला. "आजोबा, आम्हालाही घरं आहेत."

"त्यात वाईट काही बोलत नाही ना?" बाईंनी विचारलं.

"छे छे, वाईट काही नाही."

"मग लिहा की!"

मास्तरांनी काय केलं असतं? त्यांनी कदाचित आवाज चढवला असता. बहिणीनं इथेच मांडी ठोकली असती. कुजबुज्यांना यातलं काही येत नव्हतं. त्यांना लिहिता येत होतं. आणि तिथे लिहिण्यासारखं त्यांना एकच वाक्य ठाऊक होतं. त्यांनी ते दोन्ही प्रतींवर लिहिलं. शिक्के बसले. बाईंनी अटी वाचून दाखवल्या. प्रयोग शब्दशः संहितेनुसार करायचा, कचेरीचा माणूस प्रत घेऊन बसेल, फरक आढळल्यास मंडळींना पुन्हा प्रवेश नाही. संहिता सांभाळायला विंगेत कोण? तुम्हीच? मग इथं सही करा.

नाटकगृहात परतल्यावर भाचीनं पान वाचलं. आधी हसली. मग हसायची थांबली.

"मामा, हे मंगळवारचं आहे."

"हो."

"शनिवारी मला हे म्हणता येणार नाही. खोटं होईल ते."

"चहा खराच होता गं," कुजबुजे म्हणाले, आणि त्यांनाच स्वतःची लाज वाटली.

ती मास्तरांकडे वळली. मास्तर खिडकीबाहेर बघत होते. त्यांचा तो उभा आवाज बसला होता. "आपण पहिले आलोय, पोरी. आपल्यामागे तिकडे आणखी चार मंडळी तयार होऊन बसलीत. म्हण एकदा."

शनिवारी दुपारी चारला पडदा नसलेलं नाटक सुरू झालं. पहिल्या रांगेतली मधली खुर्ची रिकामी होती. सही केलेला माणूस विंगेत स्टुलावर होता. तिसऱ्या रांगेत कचेरीचा माणूस, मांडीवर दुसरी प्रत, हातात पेन्सिल. कुजबुज्यांना ती पेन्सिल दिसत होती. नाटकात माणसं भांडली, प्रेक्षक हसले, सगळं कागदाप्रमाणे नीट चाललं होतं. इतकं नीट, की कुजबुज्यांना पान उलटण्यापलीकडे काम नव्हतं.

खिडकी उघडली. "बोला, काय काम आहे?"

भाची गप्प राहिली.

कुजबुज्यांना तिचा डावा कान दिसत होता, आणि मानेवरची एक शीर. ती शोधत होती. तिला काहीतरी सापडतही होतं, कारण तिनं श्वास घेतला आणि हनुवटी वर उचलली. ते काय असेल ते त्यांना या जगात सगळ्यात जास्त ऐकायचं होतं. तिसऱ्या रांगेत पेन्सिल वर आली. तिकडच्या चार मंडळी. पुन्हा बंद होणारी वाट. बहिणीचे गुडघे.

"काम काही नाही," कुजबुजे पुटपुटले. शब्द न् शब्द, तीन पावलांपुरता.

तिचा श्वास मधेच थांबला. हनुवटी खाली आली. मग तिनं ते वाक्य म्हटलं, सुरेख म्हटलं, मामा, चहा, साखर, सगळं जागच्या जागी. साखरेला लोक हळवं हसले. टाळ्या खूप वेळ वाजल्या. कचेरीच्या माणसानं खूण केली आणि प्रत मिटली.

व्यवस्थापकांनी कुजबुज्यांचे दोन्ही हात हातात घेतले. "वाचवलंत!"

सामानाची गाडी भरली जात असताना मास्तर कपाटापाशी आले.

"एक प्रत मिळेल का? आमच्याकडेही आता उलटं झालंय. पूर्वी कागद सापडला की पकडायचे, आता कागद नसला की परवानगी नाही. आम्ही कसंबसं टाळतोय. शिक्क्याची एक संहिता असली तर गावोगावी चालेल."

दाराशी भाची उभी होती.

"एकविसाव्या पानावर..." कुजबुजे म्हणाले, "ती जागा मोकळी ठेवून देऊ का?"

मास्तरांनी मान हलवली. "शिक्क्याच्या प्रतीशी जुळायला हवी हो. एक अक्षर इकडचं तिकडे चालणार नाही."

गाडी सुटायला दीड तास होता. कुजबुजे टेबलाशी बसले, कोरे कागद सरळ केले आणि पहिल्या पानापासून लिहायला लागले. भाची समोर येऊन बसली आणि झालेली पानं एकेक करून क्रमानं लावू लागली.